पऱ्हाटीत सापडलेला गवती पतंग

“मॅडम, मेलेल्या किड्याची जात ओळखता येते का?”

दहावीच्या भर वर्गात धम्मशीलाने हे विचारले आणि शेजारच्या सारिकाने हसू दाबायला तोंडावर ओढणी धरली. पैज तिनेच लावली होती. “विचारून दाखव वं! मॅडम तुले बाहेरच काढते.”

मित्रांनो, तो मेलेला किडा म्हणजे मी. नखाएवढा, वाळल्या काडीच्या रंगाचा एक पतंग. मेहकरजवळच्या एका बांधावर, गवतात माझा जन्म झाला. अळी होतो तेव्हा गवतच खाल्ले. पंख फुटले, तरी घर तेच. बसलो की पंख अंगाभोवती असे गुंडाळतो, की बघणाऱ्याला काडीच वाटावी! आमचे कौतुक कोण करणार? ते सारे फुलपाखरांना.

धम्मशीलाचे बाबा पुंजाजी यांनी पऱ्हाटीत, म्हणजे कपाशीच्या शेतात, बोंडअळीचे पतंग पकडायला दिवा टांगला होता, खाली साबणाच्या पाण्याचे घमेले. उजेड दिसला की मला राहवत नाही. गेलो, आणि संपलो.

सकाळी पुंजाजी ओरडले, “चांगुणे, पाह्य किती बोंडअळीचे पतंग! उद्याच फवारा लागते.”

चांगुणाबाई म्हणजे धम्मशीलाची आई. मागच्या फवारणीनंतर त्यांना दोन दिवस घेरी येत होती. धम्मशीलाने ते पाहिले होते. तिने घमेल्यातले सगळे पतंग डब्यात भरले आणि थेट शाळा गाठली.

छाया मॅडमनी तिला बाहेर काढले नाही, हातात भिंग दिले. पुस्तकातले चित्र समोर ठेवले. बोंडअळीचा पतंग तपकिरी, पंखांवर काळसर डाग, तोंडापुढचे अवयव शिंगांसारखे वर वळलेले. मी फिकट, बिनडागाचा, आणि तोंडापुढे सरळ चोच!

“अवं, चोच पाह्य याची!” सारिकाच किंचाळली.

एकोणीस पतंगांत बोंडअळीचे निघाले दोन. बाकी आम्ही गवती.

मित्रांनो, लहान आहोत म्हणून आम्हा सगळ्यांना एकच नाव देऊ नका. आधी नीट बघा, एवढेच मागणे.

संध्याकाळी पुंजाजी फवारणीचा पंप धूत होते. धम्मशीलाने डबा आणि शाळेतून मागून आणलेले भिंग पुढे केले. “बाबा, हे गवतातले हायेत. बोंडअळीचे दोनच.”

“तू काय कृषी अधिकारी झाली का वं?”

“भिंग घ्या, तुमीच पाहा.”

त्यांनी पाहिले. परत पाहिले. “आन् त्या दोघाइचं काय?”

चांगुणाबाईही चुलीपासून उठून आल्या होत्या. धम्मशीला दोघांसमोर ताठ उभी राहिली.

“रोज सकाळी घमेलं मी पाहीन, बोंडं फोडून पाहीन. अळी दिसली तं मीच सांगीन. पण आई, बाबा, उद्या फवारणी होत नाही.”