भरल्या डब्याची साक्ष

मित्रांनो, मी एक जुना जेवणाचा डबा आहे. स्टीलचा, तीन पुडांचा, एका बाजूने पोचा आलेला. तरी यकृताच्या आजारावरील संशोधनात माझाही वाटा आहे. हसू नका. आधी सगळे ऐका, मग हसा.

एका कारखान्यात पत्रा दाबून मला घडवले. घड्याळे दुरुस्त करणाऱ्या एका माणसाने मला विकत घेतले, कारण त्याच्या बायकोला मोठ्या रुग्णालयात नोकरी लागली होती. बाई डॉक्टर तर होतीच, शिवाय जीवरसायनशास्त्र शिकलेली. सकाळी ती रुग्ण तपासायची आणि दुपारी प्रयोगशाळेत त्यांचे रक्त. यकृत बिघडले की रक्तातला पिवळा रंग वाढतो. तो जरासा वाढला तरी कळावा, अशी नवी चाचणी ती तयार करत होती.

माझे दुःख एकच. ती घरून नुसत्या चहावर निघायची आणि कामाच्या नादात मलाही विसरायची. मग संध्याकाळी मी जसाच्या तसा परत. घड्याळवाला बोलायचा नाही. कॅलेंडरवर त्या तारखेला फुली मारायचा. भांडणाच्या वेळी पुरावा हाताशी असावा, एवढाच त्याचा हेतू.

पाच वर्षांनी चाचणी उभी राहिली, पण एक खोड जाईना. तुलनेसाठी निरोगी माणसाचे रक्त लागे. दुसऱ्याला कशाला टोचायचे, म्हणून बाई स्वतःचेच घ्यायची. त्याचा आकडा कधी बरोबर यायचा, कधी मध्येच वाढायचा. शेवटी विभागप्रमुख म्हणाले, "धडधाकट माणसाला आजारी ठरवणारी चाचणी काय कामाची? महिनाअखेर बंद करा."

त्या संध्याकाळी तिने नोंदवही टेबलावर टाकली. शेजारी मी, अर्थात भरलेला. घड्याळवाल्याने झाकण उघडले आणि त्याचा संयम सुटला.

"अगं, आजही तसाच? थांब, तारखाच वाचून दाखवतो." आणि तो खरेच वाचू लागला. तीन, आठ, नऊ, सतरा...

बाईने वही ओढली. "पुन्हा वाच. हळू."

ज्या दिवशी फुली, त्याच दिवशी आकडा वाढलेला. एकही तारीख चुकली नाही.

"चाचणी बरोबर आहे रे," ती म्हणाली. "उपाशी राहिले की माझ्याच रक्तातला पिवळा रंग वाढतो."

"म्हणजे तू आजारी आहेस?" तो घाबरला.

"नाही रे. काहींना जन्मापासून असतं असं. त्यानं काही बिघडत नाही. मी स्वतः शिकवते हे मुलांना!"

"काखेत कळसा," तो म्हणाला आणि दोघे पोट धरून हसले. मग तिने गार झालेले जेवण शेवटच्या घासापर्यंत संपवले. माझ्या आयुष्यात इतका आनंद मला कधी झाला नव्हता.

पुढच्या आठवड्यात तिने पोटभर जेवलेल्या दहा निरोगी माणसांचे रक्त तपासले. दहाही आकडे चोख आले. विभागप्रमुखांनी चष्मा पुसून वही दोनदा वाचली. "चुकलेलं जेवणसुद्धा पकडते म्हणजे फारच बारीक चाचणी आहे," ते म्हणाले. त्या चाचणीने पुढे कितीतरी जणांचा आजार वेळेत सापडला.

आता बाईच्या हाती काचेचा डबा आला आहे. मी प्रयोगशाळेच्या फळीवर रबरबँड सांभाळतो. तक्रार नाही, कधीतरी कुणी धूळ पुसली तर बरे वाटते. पण मित्रांनो, तुमचा डबा भरलेला परत नेऊ नका. घरी कुणीतरी फुली मारत असते. आणि इथे निरोगी रक्त द्यायला आलात, तर बाईच्या छापील अर्जावरचा पहिला प्रश्न वाचा. नाव, वय सगळे नंतर. आधी विचारले आहे, 'जेवलात का?'