मिठाच्या गोणीची गाठ

मालनने काळ्या डब्याच्या कडीला बांधलेला लाल दोरा सोडला आणि शेजारच्या, तसल्याच काळ्या डब्याला बांधला. गाठ तीच, मिठाच्या गोणीची. दोन फेरे आणि एक उलटा पीळ. कोलशेतला मिठागरं होती तेव्हा बायका गोण्यांची तोंडं याच गाठीने आवळायच्या. आता ती अख्ख्या गावात तिच्याच बोटांत उरली होती.

नवऱ्याच्या, राघोच्या डोळ्यांत काचबिंदू उतरल्यापासून हा दोरा होता. एका डब्यात गवत कापायच्या गाडीचं इंजिन ऑइल, दुसऱ्यात हातकटरसाठी पेट्रोलमध्ये मिसळायचं तेल. डबे जुळ्या भावांसारखे. दोरा असेल तो गाडीचा, एवढं राघोला पुरे होतं. दोघं कामाला होती त्या सोसायटीत हे कुणाला कधी कळलं नाही. लॉनवर गाडीवर बसलेला राघो सगळ्यांना दिसायचा, आणि मागे पाटी घेऊन गवत गोळा करणारी मालन कुणालाच दिसायची नाही.

गेल्या आठवड्यात तिने ती पाटी टाकून धाव घेतली होती. बी विंगमधली चार वर्षांची सान्वी चेंडू उचलायला वाकली होती आणि गाडी सरळ तिच्यावर चालली होती. मालनने पोरीला फ्रॉकला धरून ओढलं. सांभाळणारी बाई फोनवर बोलत होती. गाडी चेंडू चिरून पुढे गेली.

"काय आला गो मधी?" राघोने विचारलं होतं.

"काय नाय. बाटली व्हती."

त्या दिवशी घरी तिने विषय काढून पाहिला. आता पुरे, म्हणाली.

"डोले गेले त काय झाला?" राघो हसला. "बापाची जमीन हाय ती. बांध न् बांध पाठ हाय मना."

बांध होते तिथे आता मुलं खेळत होती. पण पोरीचं त्याला सांगायला तिची जीभ उचलली नाही. त्यापेक्षा तेल चुकलेलं बरं. तेल चुकलं तर लोक हसतात, गाडी काढून घेतात, एवढंच.

येत्या रविवारी लॉनवर कुणाच्या तरी लग्नाचं रिसेप्शन होतं. मॅनेजर विनीत कमिटीच्या चार माणसांना घेऊन मांडवाची जागा दाखवायला आला, तेव्हा राघोने जुनं तेल काढून टाकलं होतं. त्याने डब्यांवरून हात फिरवला. दोरा लागला. अंगठ्याने गाठ चाचपली. मग झाकण उघडून सवयीप्रमाणे नाकाशी नेलं, थेंबभर तेल दोन बोटांत चोळलं.

आणि थांबला.

मालन होती त्या बाजूला त्याने मान वळवली. तिने पदर खांद्यावर नीट घेतला.

राघोने डबा वाकडा केला.

"अरे अरे अरे! काका!" विनीत धावला, पण निम्मं तेल आत गेलं होतं. "हे कटरचं तेल आहे! टू-स्ट्रोक! इंजिन जाम करताय का आमचं?" त्याने डबा हिसकावून लेबल राघोच्या नाकासमोर धरलं. "वाचा. काय लिहिलंय?"

राघो लेबलाकडे बघत राहिला.

"हे किती आहेत, काका?" कमिटीतल्या एकाने तीन बोटं नाचवली.

"दोन," राघो म्हणाला.

हशा पिकला. कुणीतरी मोबाइल काढला. "उद्या आमटीत शाम्पू घालतील बघा!" पुन्हा हशा. मालनलाही हसणाऱ्यांचे दात तेवढे दिसले.

"चावी द्या, काका," विनीतचा आवाज आता खाली आला होता, पण हात पुढेच होता. "उद्यापासून गेटवर बसा. काम काही नाही. नुसतं बसायचं."

राघोने चावी काढली आणि विनीतच्या हाताऐवजी शेजारच्या हवेत ठेवली. ती गवतात पडली. कुणी उचलायला सांगायच्या आत तोच खाली बसून चाचपू लागला. मालन जागची हलली नाही. आता आपण हललो तर सगळंच सांगून टाकू, हे तिला ठाऊक होतं.

घरी येईपर्यंत त्याने तिचा हात धरू दिला नाही. गावठाणातल्या वाटेवर दोनदा ठेचकाळला, तरी नाही.

मोरीत त्याने हात पुढे केले. मालनने तांब्याने पाणी घातलं. बोटांवर तेल होतं, पाणी नुसतंच घरंगळत होतं.

"विन्याचाच डाव आसल," ती म्हणाली. "त्यानाच डबं हलवलं आसतील."

राघो हात चोळत राहिला.

"वास येगला आला मना," तो म्हणाला. "बोटांना पन पातल लागला."

तांब्या तिच्या हातात तसाच राहिला.

"मंग वतलात कशाला?"

"गाठ तुजी व्हती ना गो," राघो म्हणाला, आणि आणखी पाण्यासाठी हात तसेच धरून उभा राहिला.