बहात्तर चौकटींतलं हसू

मी सोळा मिलिमीटरची एक जुनी, काळीपांढरी फिल्म आहे. पत्र्याच्या डब्यात गुंडाळी होऊन पडलेली. मित्रांनो, माझी दुसरी प्रत नाही. पूर्वी याचीच मला घमेंड होती.

फ्रान्सच्या ब्रिटनी प्रांतात, सार्डिन मासळीच्या एका बंदरात ओदील नावाची लेखिका राहायची. जन्मात तिने कुणाला फोटो काढू दिला नाही. "लोक तोंड बघतात आणि वाक्यं विसरतात," म्हणायची. तिच्यावर चित्रपट करायला आलेल्या गास्पार या तरुण दिग्दर्शकाला ही अटच आवडली. चेहरा न दाखवता माणूस उभा करायचा! त्याने माझ्यावर तिची मान टिपली, टाइपरायटरवर सांडलेली राख टिपली, शेंगा सोलणारी बोटं टिपली.

शेवटच्या दिवशी शेगडीवरचं दूध उतू गेलं. ओदील गर्रकन वळली आणि कॅमेऱ्याकडे बघून खळखळून हसली. तीन सेकंद, म्हणजे माझ्या बहात्तर चौकटी.

पडद्यावर तिने ते पाहिलं. मग म्हणाली, "एवढं राहू दे रे. माझ्या पोरीसाठी."

"बाई, मग माझ्या चित्रपटात वेगळं काय उरलं? असं तर सगळेच करतात!"

"तू मोठा शहाणा! कर हवं ते."

आधी प्रत काढ, मग प्रयोग कर, असं मित्रांनी त्याला परोपरीने सांगितलं. "प्रतीवर भित्रे लोक हात चालवतात," असं म्हणून गास्पारने सुई घेतली आणि एकेका चौकटीतला तिचा चेहरा खरवडून काढला. पॅरिसमध्ये लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. मीही शेफारले.

पुढच्याच हिवाळ्यात ओदील वारली. तिची पोरगी सोलेन तेव्हा तीन वर्षांची होती.

नंतर मला कुणी विचारलं नाही. जुनी फिल्म कुजू लागली की येतो तसा व्हिनेगरसारखा वास माझ्या अंगाला येऊ लागला. चाळीस वर्षांनी सोलेन गास्पारच्या दारात आली. "आई हसताना कशी दिसायची, मला आठवत नाही. तुमच्याकडे आहे म्हणतात."

म्हाताऱ्या गास्पारने मला खिडकीच्या उजेडात धरलं. सोलेन एकेक चौकट बघत गेली. खांदे होते, दुधाचं पातेलं होतं, आणि चेहऱ्याच्या जागी पांढरे ओरखडे.

"एकही सुटली नाही?" तिने विचारलं.

"नाही गं," तो म्हणाला. "फार मन लावून केलं होतं."

मित्रांनो, जगात एकच असलेल्या गोष्टीवर हात चालवण्याआधी तिची वाट कोण बघणार आहे, एवढं विचारा. सोलेनने मला पुसून, नीट गुंडाळून डब्यात ठेवलं. ती रागावली असती तर मला बरं वाटलं असतं.