वजीह रशीदींची दुसरी ओळ

डाळीच्या दाण्याएवढी ती बॅटरी बोटाच्या पेराला चिकटून बसली होती. खाली पडायला तयार नव्हती आणि श्रवणयंत्राच्या इवल्या खाचेत शिरायलाही. श्यामलानं चष्मा कपाळावर चढवला, पुन्हा नाकावर घेतला. हीच बोटं... बुडालेल्या शिरेत पहिल्या खेपेला सुई घालणारी, अवघड पेशंट आला की वॉर्डातल्या बाकीच्या सिस्टर जिला हाक मारायच्या त्या श्यामलाची; आणि आता एक बॅटरी बसवायला तीन खेपा. चौथ्या खेपेला ती बसली, यंत्र कानात गेलं, बारीक शिट्टी वाजली आणि सगळी वाडी एकदम उंबऱ्याशी आल्यासारखी जवळ आली – पंपाची घरघर, झावळ्यांची सळसळ, अंगणात वाळत घातलेल्या सुपाऱ्यांवरून कुणीतरी हात फिरवल्याचा खडखडाट, आणि होमस्टेच्या पाहुण्यांना पोह्यांवर खोबरं किती हवं ते विचारणारी मृणाली.

मृणाली भावाची मुलगी. होमस्टे तीच चालवते, आणि कैरोहून आलेलं ते पत्रही तिच्याच ईमेलवर आलं होतं. दिवेआगरातल्या प्रत्येक होमस्टेला एकच मजकूर – आमच्या वडिलांच्या वहीत शामला, दिवेआगर असं लिहिलेलं आहे, ही बाई तुमच्या गावात कुणाला माहीत आहे का? खाली नाव होतं हाला रशीदी. मृणालीनं वाचून दाखवलं तेव्हा श्यामला भाजी चिरत होती, आणि विळी आडवी करून ती नुसतीच बसून राहिली होती.

आज चार वाजता हालाशी बोलायचं होतं. वडिलांच्या आयुष्यावर ती चित्रपट करत होती आणि तिचा प्रश्न एकच होता. तिच्या वडिलांची जी चाल सगळ्यांत गाजली, नदीच्या मुखावरच्या एका कुटुंबाच्या मालिकेच्या सुरुवातीला वाजणारी, ती आपल्या आईची असं ते मरेपर्यंत सांगत आले. मग वहीत त्या चालीच्या पहिल्या टिपणाशेजारी तुमचं नाव का?

का... छत्तीस वर्षं श्यामला हा प्रश्न कुणीतरी विचारेल म्हणून थांबली होती, आणि हे थांबणं आपल्या आत कुठं ठेवलेलं आहे ते तिला स्वतःलाही धड माहीत नव्हतं.

वजीह रशीदी तिच्या वॉर्डात आले ते कुवेतमधल्या तिच्या चौथ्या हिवाळ्यात. नाटकमंडळी घेऊन दौऱ्यावर आले होते, तिसऱ्या प्रयोगाच्या मध्यंतरात कोसळले. उजवी बाजू लुळी, वाचा गेलेली. वॉर्डातल्या सफाईवाल्या बायकासुद्धा दारातून डोकावून जायच्या, कारण त्या चेहऱ्याला ओळखत नाही असं अरबी घर नव्हतं. पन्नाशीचा माणूस, पण किती माणसं होऊन गेलेला! रशीद नावाच्या खजुरांच्या गावात, जिथे नाईल समुद्राला मिळते, मचवे दुरुस्त करणाऱ्याच्या घरी जन्म. लहानपणी बाहुल्यांच्या खेळात पडद्यामागून म्हाताऱ्यांचे, गाढवांचे, नवऱ्यामुलींचे आवाज काढले. मग रेडिओ, मग संगीताची शाळा आणि तिथं हाती आलेलं ऊद, ते फुगीर पोटाचं तंतुवाद्य. चित्रपटात त्यांनी अशी दुष्ट माणसं केली की बाजारात बायका त्यांना तोंडावर शिव्याशाप द्यायच्या, आणि रंगभूमीवर एकाच नाटकात आंधळा भिकारीही तेच आणि वजीरही तेच, मधल्या गाण्यांच्या चालीही त्यांच्याच. आणि एवढे सगळे आवाज असलेला तो माणूस खाटेवर पडून छताकडे बघत होता, एकही आवाज जवळ नसलेला.

अकरा दिवस असे गेले. बाराव्या दिवशी दुपारी श्यामला त्यांच्या अंगाखालची चादर बदलत होती, आणि बदलता बदलता, नेहमीसारखं, आपण काय करतोय हे न कळता गुणगुणत होती. रहाटाचं गाणं. दिवेआगरला वाडीत विहिरीवर रहाट होता, रेडा गोल गोल फिरायचा, आणि त्याच्यामागून चालणाऱ्या आवाजात ती ओळ यायची – फिर रे राजा, फिर रे राजा, पाणी चाललं माहेराला... आई गेली त्याला तेव्हा दोन वर्षं झाली होती. तार मिळून, सुट्टी मंजूर होऊन, विमान मिळून श्यामला घरी पोचली तोवर तेराव्याच्या पत्रावळीसुद्धा उचलल्या होत्या. आईचं म्हणून तिनं परत नेलं ते एवढंच, ही एक ओळ. दुसरी तिला कधी नीट आठवलीच नाही. पहिली संपली की ती पुन्हा पहिल्यावर यायची, रेड्यासारखी.

त्या दुपारी ती पहिल्यावर परत येणार, एवढ्यात खाटेवरून दुसरी ओळ आली.

शब्द नव्हते. नुसता घशातला सूर, खरखरीत, एका बाजूला कललेला, पण पहिल्या ओळीनं जिथं सोडलं होतं तिथंच बोट ठेवून वर चढलेला आणि हळूच उतरून पाण्यात पाय टाकावा तसा थांबलेला. श्यामलाच्या हातात चादरीचं टोक तसंच राहिलं. मग तिनं पहिली ओळ पुन्हा म्हटली आणि ते पुन्हा दुसरी. तासभर. पुढं पाच आठवडे रोज. बोलता न येणाऱ्याला गाता येतं हे तिनं कुठल्या पुस्तकात वाचलं नव्हतं. डॉक्टरांनी नंतर मान डोलावली तेवढीच. सुरावर बसून एक एक शब्द परत आला. पहिला आला तो मय्या. तिला ऐकू आलं माय... आणि ती पाण्याचा पेला हातात असूनही न देता तशीच उभी राहिली, मग लक्षात आलं, त्यांच्या भाषेत मय्या म्हणजे पाणी.

ते बरे होऊन गेले. दीड वर्षानं, रमझानमध्ये, नर्सेसच्या हॉस्टेलच्या टीव्हीवर ती मालिका सुरू झाली, आणि जेवणाच्या ताटावर श्यामलाचा हात थांबला. ऊदावर तिची पहिली ओळ, मागोमाग त्यांची दुसरी. किती आनंद झाला होता तेव्हा! आई साऱ्या अरब मुलखात घरोघर गातेय, असं वाटलं होतं. त्या उन्हाळ्यात युद्ध आलं, एका बॅगेनिशी अम्मानमार्गे घरी, मग सरकारी दवाखान्यातली नोकरी, पेन्शन, वादळात निम्मी झालेली वाडी... आणि मागच्या आठवड्यात मृणालीनं मोबाइलवर लावून दिलेली मुलाखत. पांढरी शाल घेतलेले, थकलेले वजीह रशीदी हसून सांगत होते – ही चाल माझ्या आईची, ती आमच्या रहाटामागून गायची. श्यामलानं मोबाइल पालथा ठेवला. माझी आई त्यांनी नेली, एवढंच तिला वाटलं, आणि ते इतकं लहान मुलासारखं होतं की मृणालीलाही सांगवेना.

पण चार वाजण्याआधी एकदा खात्री करावी, गाणं आपल्या आईचंच होतं ना याची. रहाट पाहिलेलं माणूस आता गावात एकच होतं. पोहे तसेच ठेवून ती खालच्या आळीत चंद्राबाईकडे निघाली.

चंद्राबाई ओटीवर उन्हात पाय पसरून सुपातला सुका जवळा निवडत होती. चौऱ्याऐंशीची, पण बोटं सरसर चालत होती. लग्न होऊन गावात आली तेव्हापासून ती श्यामलाच्या घरच्या वाडीत कामाला होती, रहाट बंद होईपर्यंत आणि नंतरही. इकडचं तिकडचं बोलून झालं, मृणालीच्या पाहुण्यांचं, चंद्राबाईच्या गुडघ्याचं. मग श्यामलानं ती ओळ गुणगुणली. जवळ्यातली बोटं थांबली.

"रहाटाचं हाय ना ह्ये," चंद्राबाई म्हणाली.

"आई म्हणायची ते. आठवतं ना?"

"तुजी आय?" चंद्राबाईनं सूप बाजूला सारलं. "तुजी आय कवा गायची, बाय? तिला गळाच न्हवता. मी गायचे. तू माज्या कडेवर असायचीस, न्हायतर रहाटाच्या दांड्यावर बसवायचे तुला. गाणं थांबलं का रडायचीस."

समोरच्या कुडावर एक साडी वाळत होती, तिचा काठ वाऱ्यानं उचलला जात होता, पडत होता. दांडा... हो, ढुंगणाखाली घासून गुळगुळीत झालेला लाकडाचा दांडा, तोंडाशी एक काळा खांदा, घामाचा आणि तंबाखूच्या मिश्रीचा वास. आईला मिश्री कधीच नव्हती. हा वास श्यामलाजवळ इतकी वर्षं होता, गाण्याला चिकटून, आणि तिनं तो कधी हुंगलाच नव्हता. गाणं म्हणजे आई, आई म्हणजे गाणं; वाडीत कामाला येणारी बाई त्यात कुठे बसणार होती?

मग तिनं दुसरी ओळ गुणगुणून दाखवली. वजीह रशीदींची.

चंद्राबाई मान तिरकी करून ऐकत राहिली. "ह्ये आपलं न्हाय," ती म्हणाली. "आपली दुसरी येगळी व्हती. आता याद न्हाय मना. रेडा ग्येला, रहाट ग्येला, मंग कुणासाठी म्हणायचं?" मग सूप पुन्हा मांडीवर घेत, "पण ग्वाड हाय. कुटली गं?"

लांबची, एवढंच श्यामलाला सांगता आलं.

चार वाजता पडद्यावर हाला आली. पन्नाशीची, कापलेले करडे केस, आणि हनुवटी मात्र थेट वडिलांची. मृणाली बाजूला बसून अडलेले इंग्रजी शब्द पुरवत होती. आठवडाभर मनात घोळवलेली वाक्यं श्यामलाला आठवत होती, आईपासून सुरू होणारी सगळी, आणि त्यांतलं एकही उचलता येत नव्हतं. तिनं साधं सांगितलं. पहिली ओळ आमच्या वाडीत चंद्राबाई नावाची बाई गायची, ती अजून आहे, सकाळीच मी तिच्या ओटीवर बसून आले. मी ती दवाखान्यात नेली. दुसरी तुमच्या वडिलांनी आणली, न शिकवता. ती तुमच्या आजीची असेल, किंवा त्यांनी तिथंच खाटेवर बांधलेली असेल, हे आता कुणालाच सांगता येणार नाही.

हाला पडद्याच्या जवळ सरकली. मग तिनं विचारलं, माझे वडील खोटं बोलले असं तुम्हाला म्हणायचं आहे का?

"नाही," श्यामला मराठीतच म्हणाली, आणि मृणालीनं ते तिकडे पोचवलं. "मीही आयुष्यभर तेच म्हणत आले. माझ्या आईचं म्हणून."

हालानं डोळे पुसले की केस मागे सारले ते नीट दिसलं नाही. चंद्राबाईंचं गाणं रेकॉर्ड करून पाठवाल का, असं तिनं विचारलं. विचारून बघते, श्यामला म्हणाली. चित्रपटात यातलं काय येईल, काय नाही, ते तिनं विचारलं नाही.

मृणाली चहा टाकायला आत गेली. श्यामला मागच्या दारानं वाडीत उतरली. वादळानंतर लावलेल्या पोफळी आता कुठे पुरुषभर झाल्या होत्या, त्यांच्यामधून आकाश नको तेवढं दिसत होतं. बुजवलेल्या पाटाच्या कडेला ती बसली. आई आठवायची म्हणजे काय करायचं, हे तिला आज पहिल्यांदाच कळेना. इतकी वर्षं सोपं होतं... ती ओळ म्हटली की आई यायची. आता ओळ म्हटली तर चंद्राबाईचा खांदा येत होता, आणि त्याच्या मागोमाग खाटेवरचा तो खरखरीत, कललेला सूर. दोघं आपापल्या जागी नीट बसले होते. मग आई कुठे?

तिनं गुणगुणणं थांबवलं. काहीच न म्हणता बसून राहिली, पंप बंद होईपर्यंत, आणि त्यानंतरही. मग कुठूनतरी, वाडीच्या पार त्या कडेकडून, एक घोगरा, घाईतला आवाज आला, कमरेला पदर खोचून हातात खोरं घेतलेल्या आईचा – श्यामे, पाय काढ पाटातनं, पाणी अडतंय. बस्, एवढंच. गोडवा नाही, चाल नाही, कुणाला गुणगुणून दाखवता येणार नाही आणि कुणाला नेताही येणार नाही असा. तो खरा की हेही आपणच रचलं, हे श्यामलाला ठरवता येत नव्हतं, ठरवायची घाईही वाटत नव्हती. तिनं फक्त पाय आपसूक जवळ ओढून घेतले, आणि तो आवाज आणखी काही बोलतोय का याची वाट बघत ती बसून राहिली.