घरात दोन पद्मा नकोत

आमचे मामा, म्हणजे माझे सासरे उद्धवराव, एकदा हट्टाला पेटले की माणसानं गप भाकऱ्या थापाव्यात. बोलून उपयोग न्हाई. मी एरवी गप बसतेही. त्या दिवशी मात्र मला बसवेना.

आत्यांना, म्हणजे माझ्या सासूबाईंना, विसरायचा आजार लागला त्याला आता बरेच दिवस झाले. आधी चष्मा विसरल्या, मग गॅस बंद करायला विसरल्या, मग नातवंडंच विसरल्या. म्हणून मामांच्या गावचं, औरादकडचं शेत बटईनं लावलं आणि दोघांना इथं बीदरला, मैलूरच्या घरी आणलं. धनराज, माझे मालक, इथंच बीदरजवळच्या कोळारच्या कारखान्यात शिफ्टला जातेत. पोरं शाळेत. दिवसभर घरात आम्ही तिघं. त्यात आत्यांचं खाणं रोज कमी व्हायलेलं. डॉक्टर म्हणाले, त्यांना नावानं हाक मारत ऱ्हावा, बोलतं ठेवा, न्हाईतर नळीनं पोटात घालायची वेळ येईल.

आता गंमत बघा. आमच्या घरात आत्यांना नावानं हाक मारणारं कुणी नव्हतंच. मी आत्या म्हणते, पोरं आजी म्हणतेत, धनराज माय म्हणतेत. मामांनी तर सारी उमर 'अगं ए' वर काढली. आता म्हातारपणी ते पलंगाजवळ बसून "कमल, ए कमल" करायला लागले. कुणी ऐकत तर न्हाई ना म्हणून दाराकडं बघत. आत्या ढिम्म. उलट मामा जवळ सरकले की त्या पदर गच्च धरायच्या आणि भिंतीकडं तोंड करायच्या. परका गडी खोलीत शिरल्यासारखं वाटायचं त्यांना. मग मामा बाहेर येऊन खुर्चीत बसायचे, मला म्हणायचे, "चहा टाक." टाकलेला चहा तसाच निवायचा.

बाहेर कुणापुढं रडणारा माणूस न्हाई हा. पण एकदा मला म्हणाले, "विजू, तिनं एकदा बघावं माझ्याकडं. वळखावं. बास." मी कप उचलला.

मग आत्यांचे भाऊ तुळजाराम भेटायला आले. पिशवीतून हुरडा काढायच्या आधी खोलीत डोकावले आणि म्हणाले, "पद्मे, कामून उपाशी बसलीस गं?"

आत्यांनी मान वळवली. "अण्णा, तू कधी आलास?" म्हणाल्या, आणि त्यांच्या हातून अर्धी भाकरी खाल्ली.

मी बघतच ऱ्हायले. दोन लेकरांची बाळंतपणं या बाईनं केली माझी. माझ्या डोक्याला तेल लावलं, माझ्यासाठी स्वतःच्या लेकाला बोलणी सुनावली. आणि त्यांचं नाव पद्मा आहे, हे मला त्या दिवशी कळायलंय. सांगते, मला लाज न्हाई वाटली, राग आला.

"हे पद्मा कुठलं?" मी विचारलं.

तुळजारामनी मामांकडं बघितलं, जरा घुटमळले, मग म्हणाले, "जन्माचं नाव हाय तिचं. आमची आजी पद्मा. ती गेली आन् वर्षाच्या आत ही झाली. अप्पा म्हणाले, माझी माय परत आली. लई लाडाची. अप्पांच्या ताटातच जेवायची, दुसऱ्या कुणाच्या हातचं घ्यायची न्हाई. लग्न ठरलं तर इकडं सासूचं नाव बी पद्माबाई. घरात दोन पद्मा नकोत म्हणाले. सुनेवर वरडायचं तर सासूचं नाव तोंडात येणार, आन् दाजींना बायकोला हाक मारायची तर आईचं नाव घ्यावं लागणार. मग तांदळाच्या ताटात अंगठीनं कमल लिहिलं. अप्पा त्या दिवशी जेवले न्हाईत."

"पद्मा म्हणजे कमळच की," मामा खुर्चीतून म्हणाले. "अर्थ तोच. काय बदललं?"

माझी तार सटकली. आडनाव जातंय ते जाऊ द्या, ते सगळ्यांचंच जातंय. पण माझ्या लग्नात माझं विजयश्री काढून जयलक्ष्मी करायला निघाले होते हे लोक. मी मांडवात न्हाई म्हणले. सगळी माणसं माझ्यावर तुटून पडली. तेव्हा कधी वर मान करून न बोलणाऱ्या आत्या मागून म्हणाल्या होत्या, "ऱ्हाऊ द्या तिचं तिला." मला वाटलं होतं, सासू चांगली मिळाली. एवढंच वाटलं होतं मला.

हे मी मामांना तोंडावर ऐकवलं. मामांनी मान खाली घातली.

तुळजारामना शेताचं काम होतं, ते दुसऱ्या दिवशी पहिल्या बसनं गेले. ते गेले आणि ताट पुन्हा तसंच. मी म्हणून बघितलं, "पद्माबाई, दोन घास घ्या." आत्यांनी माझ्याकडं बघितलं, पण तोंड मिटलेलंच. धनराज "माय, माय" करून थकले आणि डोळे पुसत ड्यूटीला गेले.

मी मामांपुढं जाऊन उभी ऱ्हायले. "तुम्ही हाक मारा. पद्मा म्हणा."

"मायचं नाव घेऊन बायकोला हाक मारू? जीभ झडंल माझी."

"आत्यांचे अप्पा काय करत होते मग? त्यांच्या बी मायचंच नाव होतं ते."

मामा उठले, चप्पल घातली आणि रस्त्याला लागले. मला वाटलं, गेले देवळात बसायला. मी मनात काय काय बोलले ते इथं सांगण्यासारखं न्हाई.

दिवस कलायला लागला तेव्हा परत आले. मोरीत हातपाय धुतले. टोपी काढली, भिंतीवरच्या त्यांच्या मायच्या फोटोपुढं हात जोडून उभे ऱ्हायले. ओठ हललेले दिसले, काय म्हणाले ते कळलं न्हाई. मग खोलीत येऊन पलंगाजवळ खाली बसले आणि मला खुणेनं ताट मागितलं. मी ताटात दूध-भाकरी कुस्करली आणि वरून घालायला दुधाची वाटी घेऊन गेले.

"पद्मा," मामा म्हणाले. घसा खाकरून पुन्हा म्हणाले, "पद्मा."

आत्या वळल्या. कितीतरी दिवसांनी त्यांनी मामांकडं सरळ बघितलं. पदर ओढला न्हाई, भिंतीकडं सरकल्या न्हाईत, उलट हसल्या. आणि मामांचा चेहरा असा उजळला की मला माझ्याच बोलण्याचं वाईट वाटलं. किती टोचलं होतं मी त्यांना.

"वळखलीस का गं?" मामा म्हणाले. "मी हाय."

"व्हय, अप्पा."

मामांचा हात घासासकट तसाच ऱ्हायला.

आत्या पुढं वाकल्या. दाराबाहेर कुणी ऐकंल अशा भीतीनं हळू बोलायला लागल्या. "अप्पा, मला त्या औरादकडच्या लोकांत देऊ नका. ते माझं नाव काढून घेणार हायत. तुमच्या मायचं नाव हाय ते. मी तुमच्यापाशीच ऱ्हाते."

मामांनी माझ्याकडं बघितलं. त्यांनी 'मी अप्पा न्हाई, तुझा नवरा हाय' म्हणावं, तर बाई भिंतीकडं फिरणार आणि उपाशी मरणार. मीच मामांना इथं आणून बसवलं होतं. माझ्या हातात दुधाची वाटी होती, ती मी नुसती धरून उभी ऱ्हायले.

मामांनी डोळे पुसले न्हाईत. घास आत्यांच्या तोंडाशी नेला.

"न्हाई देत," ते म्हणाले. "कुठंच देत न्हाई तुला, पद्मा. खा."

आत्यांनी तोंड उघडलं.