हिल्काचा लाल ठिपका

हिल्का केट्टुनेनला पिस्तुलाची माशी दिसेनाशी झाली, त्याला तीन उन्हाळे होत आले होते. माशी म्हणजे नेम धरण्यासाठी नळीच्या टोकावर असलेला तो बारीक उंचवटा. बावीस वर्षं तिनं त्या उंचवट्यावर डोळा ठेवून पदकं आणली होती, आणि आता तिथं नुसता राखाडी धूर दिसायचा. चष्मा लावला की माशी दिसे, पण मग पंधरा मीटरवरचं लक्ष्य विरघळून जाई. चष्मा काढला की लक्ष्य दिसे आणि माशी गायब. डोळ्यांची डॉक्टर म्हणाली, "वय झालंय, एकसष्ट." हिल्का म्हणाली, "वय मला ठाऊक आहे, उपाय सांगा."

उपाय तसा क्लबातल्या निम्म्या लोकांनी कधीच करून टाकला होता. पिस्तुलाच्या वरच्या सरकत्या भागावर, म्हणजे स्लाइडवर, काडेपेटीएवढी काच बसवायची. तिला रेड डॉट म्हणतात. त्या काचेत एक लाल ठिपका पेटतो, नेमबाजानं फक्त लक्ष्याकडे बघायचं, ठिपका लक्ष्यावर येऊन बसतो. क्लबाचा कॅप्टन तौनो त्याला 'आंधळ्यांचा कंदील' म्हणायचा आणि स्वतःच्याच विनोदावर इतका हसायचा की त्याची कॉफी सांडायची.

"कंदील लावण्यापेक्षा खेळणं सोड आणि टायमर हातात घे ना," तो हिल्काला मार्चपासून सांगत होता. "चांगला अधिकारी मिळत नाही हल्ली. खुर्ची आहे, कॉफी आहे, भाजलेला सॉसेज आहे. अजून काय पाहिजे बाईला?"

"टीममधली जागा," हिल्का म्हणायची.

ती जागा हाच सगळा प्रश्न होता. ऑगस्टमधल्या राष्ट्रीय स्पर्धेला क्लबातून चौघांची टीम जायची. त्यातले दोघे कोरपेला भाऊ ठरल्यातच जमा होते. उरलेल्या दोन जागांवर तीन माणसं होती: हिल्का, चौतीस वर्षांचा यूसो आणि खुद्द तौनो. एप्रिलमध्ये जुन्या दगडखाणीवर, क्लबाच्या नेमबाजीच्या मैदानात होणाऱ्या स्पर्धेत क्लबाचे जे पहिले चार येतील ते जाणार, हा नियम तौनोनंच केलेला. माशीवाले आणि ठिपकेवाले तिथं एकाच यादीत मोजले जात. तौनोच्या जागेची चर्चा मात्र कुणी करत नसे. टीम त्यानंच उभी केली होती, एकोणीस वर्षं तो तिच्यात होता. त्यामुळे सगळे धरून चालले होते की बाहेर राहील ती हिल्का, नाहीतर यूसो. आणि यूसो चांगलाच मारत होता.

स्पर्धा शनिवारी. हिल्काच्या काचेचं पार्सल आलं गुरुवारी. एवढ्या उशिरा कशाला, असं कुणीही विचारेल. तर काचेखाली बसवायची प्लेट दुकानानं आधी भलत्याच मापाची पाठवली होती, ती परत करण्यात दोन आठवडे गेले. त्याच संध्याकाळी यूसो स्वतःची नवी काच घेऊन तिच्या गॅरेजात हजर झाला.

"माझीही बसवून दे ना, हिल्का."

"तू माझ्याविरुद्ध खेळतोयस, आणि मी तुझी काच बसवू?"

"तुझ्यासारखे हात कुणाचे आहेत? गेल्या खेपेला मी स्वतः बसवायला गेलो, तर स्क्रूचं डोकंच गोल केलं."

ते खरं होतं. हिल्का दंतवैद्यांसाठी कृत्रिम दात घडवायची. पस्तीस वर्षं केसाच्या जाडीनं काम करणारी बाई. स्तुती ऐकून ती विरघळली असं नाही, पण भिंतीवरचा दिवा तिनं जवळ ओढला.

तिनं दोन्ही स्लाइडवरची झाकणं काढली. स्क्रूची भोकं स्पिरिटनं पुसली, आत तेलाचा अंशही राहू दिला नाही. प्लेट ठेवली, प्लेटवर काच ठेवली. प्रत्येक स्क्रूच्या आट्यांना निळ्या गोंदाचा एकेक थेंब लावला. गोळी सुटली की स्लाइड हिसका देते, आणि त्या हिसक्यांनी स्क्रू सैल होऊ नयेत म्हणून हा गोंद. मग ठरावीक जोर लागला की 'कट्ट' वाजणाऱ्या स्क्रूड्रायव्हरनं दोन्ही काचांचे चार-चार स्क्रू आवळले. शेवटी स्क्रूच्या डोक्यावरून खाली काचेच्या कडेपर्यंत लाल नेलपॉलिशची बारीक रेघ ओढली. स्क्रू फिरला तर रेघ तुटणार आणि लगेच कळणार. यूसो श्वास रोखून बघत होता, नाकातून पाणी गळत होतं, कारण गॅरेजात जेमतेम चार अंश होते.

"झालं. उद्या दुपारपर्यंत हात लावू नकोस," ती म्हणाली.

यूसो आपलं पिस्तूल घेऊन घरी गेला. हिल्कानं आपलं गॅरेजातल्याच पोलादी कपाटात बंद केलं. शुक्रवारी दुपारी दोघांनी खाणीवर चाळीस-चाळीस गोळ्या मारून ठिपका जुळवून घेतला. तीन वर्षांत पहिल्यांदा हिल्कानं पाच गोळ्या एका कॉफीच्या बशीत मारल्या. परत येताना गाडीत ती चक्क गात होती, आणि तिचा आवाज गाण्यासारखा अजिबात नव्हता.

शनिवारी सकाळी खाणीच्या सावलीतल्या बाजूला अजून बर्फ होता आणि उन्हातल्या बाजूला चिखल. कुंपणाशी एक टेबल मांडलेलं होतं. पिस्तूल बाहेर काढायची परवानगी फक्त त्या टेबलावर, आणि तिथं गोळीला हात लावला तर माणूस थेट घरी. हिल्कानं पिस्तूल काढलं, चष्मा चढवला आणि सवयीनं रेघा बघितल्या.

डाव्या बाजूच्या दोन्ही स्क्रूंवरच्या रेघा तुटल्या होत्या. उजव्या बाजूच्याही. तिनं अंगठ्यानं काच हळूच ढकलली, तर ती हलली.

कारण तिला तिथल्या तिथे कळलं आणि कळताच स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावीशी वाटली. थंडी! गोंद सुकायला ऊब लागते. दातांचं प्लास्टिक ती रोज तापमान बघून घट्ट करायची, आलेल्या शिकाऊ पोरींना त्यावरून फैलावर घ्यायची, आणि स्वतःच्या पिस्तुलाला मात्र तिनं चार अंशांत गोंद लावून वर थंड कपाटात ठेवलं होतं. ओल्या गोंदावर चाळीस हिसके दिले होते. आपणच आपल्या पायावर धोंडा मारून घ्यायचा म्हणजे यापेक्षा निराळं काय असतं?

मग दुसरी गोष्ट डोक्यात आली. तोच गोंद, तीच संध्याकाळ, तेच गॅरेज. म्हणजे यूसोचीही सैल असणार.

यूसो समोरच उभा होता, एका हातात कॉफी, दुसऱ्या हातात गोड पाव, कोरपेला भावांबरोबर खिदळत. त्यानं रेघा बघितलेल्या दिसत नव्हत्या. तो बघणारही नव्हता, तो बघणाऱ्यांतला नव्हताच. हिल्कानं आपला कप उचलला आणि अर्धी कॉफी प्यायली. आपण घट्ट आवळून घेतलं आणि गप्प बसलो, तर दुसऱ्या फेरीपर्यंत त्याची काच नाचायला लागेल, आणि जागा आपली. कुणालाही कळणार नाही. तिला ते हवं होतं, अगदी मनापासून हवं होतं, उगाच खोटं कशाला बोला. पण काम तिच्या हातचं होतं. आपण घडवलेला दात तोंडात हलणार हे माहीत असून तिनं आजवर एकही दात दंतवैद्याकडे पाठवला नव्हता.

"यूसो! इकडे ये. टेबलाशी. आत्ता."

तो आला. तिनं सगळं सांगितलं. त्याचा चेहरा उतरला, त्यानं पिस्तूल काढलं, काच ढकलली, मग जोर लावून ढकलली. काच जागची हलली नाही. चारही रेघा अखंड होत्या.

"दगडासारखी आहे की!" तो म्हणाला.

"कुठं ठेवलं होतंस?"

"बॉयलरच्या खोलीत. माझं कपाट तिथंच आहे ना." मग त्याच्या डोक्यात प्रकाश पडला. "म्हणजे माझी पक्की, आणि तुझी..."

"हो. माझी. जा, पाव खा."

घ्या! चांगुलपणा केला आणि वर आपलंच दुखणं प्रतिस्पर्ध्याला सांगून बसली. हे कॅप्टनच्या कानावर जायला मिनिटही लागलं नाही. तौनो हात चोळत आला.

"कंदील विझला म्हणे?"

"विझला नाही. हललाय."

"आवळलास तरी ठिपका आता कुठं दाखवेल देव जाणे. आणि चाचणीची गोळी मारू देत नाहीत, नियम आहे. अंदाजे गोळ्या घालून सगळ्यांसमोर शोभा करून घेणार का? नाव काढून घे, हिल्का. टायमर गाडीत आहे माझ्या."

"तुझा टायमर तुझ्याकडेच ठेव," ती म्हणाली. "मी खेळणार आहे. शेवटची येईन, पण खेळणार."

तिनं स्क्रू काढले, ओला गोंद स्पिरिटनं पुसला आणि कोरडेच आवळले. चार वेळा कट्ट वाजलं. कोरडे स्क्रू फार तर एखाद-दोन फेऱ्या टिकतील हे तिला ठाऊक होतं. म्हणजे प्रत्येक फेरीनंतर टेबल गाठायचं आणि आवळायचं.

पहिली फेरी वाईट गेली. बारा गोळ्यांतल्या दोन लक्ष्याबाहेर, बाकीच्या सगळ्या डावीकडे. गुण घेणारा अधिकारी नरम आवाजात आकडे सांगत होता. ते तिला शिवीपेक्षा जास्त लागलं. पण तिची नजर आकड्यांवर नव्हती, भोकांवर होती. नीट जुळलेली भोकं, मधोमध असायला हवी होती तिथून डावीकडे सरकलेली. तिनं चार बोटं लावून बघितली. सात सेंटिमीटर. अंतर पंधरा मीटर. काचेच्या बाजूचा बारीक स्क्रू एक टिचकी फिरवला की या अंतरावर गोळी साधारण साडेचार मिलिमीटर सरकते.

"शिंपीण झालीस का? मापं काय घेतेस?" तौनो मागून म्हणाला.

"सोळा टिचक्या," हिल्का म्हणाली, त्याला नव्हे, स्वतःलाच. टेबलावर जाऊन तिनं सोळा टिचक्या उजवीकडे दिल्या, ओठ हलवत मोजल्या.

दुसऱ्या फेरीत टायमर वाजला आणि तिनं पिस्तूल उचललं. ठिपका तपकिरी पुठ्ठ्यावर आला. ती ठिपक्याकडे बघत बसली नाही, पुठ्ठ्याच्या मधोमध बघत राहिली आणि घोडा दाबला. दोन गोळ्या, पुढचं लक्ष्य, दोन गोळ्या. चिखलात बूट रुतला, तिनं तो उपसला आणि धावली. अधिकाऱ्यानं आकडे सांगितले तेव्हा त्याचा आवाज नरम नव्हता. सगळ्या मधोमध.

त्यानंतर ती कुणाशी बोलली नाही. फेरी, टेबल, चार वेळा कट्ट, पुन्हा फेरी. तिसरीनंतर एक स्क्रू किंचित सुटला होता, तो आवळला. चौथीला यूसोनं तिला न विचारता तिच्या हातात गरम कॉफी दिली, ती तिनं न बघता प्यायली. पाचव्या आणि शेवटच्या फेरीत लोखंडी तबकड्या होत्या, सहा, आणि सहा गोळ्यांत त्या पडल्या. लोक टाळ्या वाजवत होते, पण पहिल्या फेरीत दोन गोळ्या गेल्या होत्या आणि त्या कुठल्याच टाळ्यांनी परत येणार नव्हत्या. हिल्काला ते माहीत होतं.

दुपारी तीनला यादी निघाली. खाणीजवळच्या क्लबाच्या झोपडीत सगळे शेकोटीभोवती कोंबून बसले होते. कागद पहिल्यांदा घ्यायचा मान कॅप्टनचा. तौनोनं तो लांब धरला, मग जवळ आणला, मग पुन्हा लांब. शेवटी यूसोपुढे केला. "वाच रे, माझे हात ओले आहेत."

यूसोनं वाचलं. आपल्या क्लबात पहिला थोरला कोरपेला. दुसरा धाकटा. तिसरा यूसो. "चौथी हिल्का," तो म्हणाला. "पाचवा... तौनो. फरक एक टक्का."

शेकोटीत सॉसेजची चरबी चरचरत होती. हिल्काला आनंद झाला, आणि त्याच क्षणी तौनोकडे बघून तो आनंद अर्ध्यात अडकला.

"यादी ती यादी," तौनो म्हणाला. त्यानं राष्ट्रीय स्पर्धेचा अर्ज काढला, टेबलाशी बसला आणि स्वतःच्या हातानं चार नावं लिहिली. एकोणीस वर्षांत पहिल्यांदाच त्यात त्याचं नाव नव्हतं. हिल्का शेजारी उभी होती. अक्षरं मोठाली होती आणि छापील ओळी सोडून भलतीकडेच चढली होती.

बाकीचे बाहेर गाड्यांकडे गेले तशी ती त्याच्यासमोर बसली.

"किती दिवस झाले दिसत नाहीये?"

"काय?"

"माशी, तौनो. माशी."

तो पेनाचं टोपण लावत राहिला. ते लागतच नव्हतं. "दोन उन्हाळे," तो म्हणाला.

"आणि मला सांगत होतास टायमर धर म्हणून!"

"तू आपणहून बसलीस, तर माझ्या जागेवर कुणी टपायचं नाही, अजून एक वर्ष निघेल, असं वाटलं." तो तिच्याकडे न बघता म्हणाला. "वाईट आहे ते. ठाऊक आहे मला."

हिल्काला संताप आला आणि तो तिनं गिळला नाही. "वाईट? हलकटपणा आहे हा! मी तीन वर्षं रडकुंडीला येत होते, आणि तू माझ्या शेजारी उभा राहून तेच सोसत होतास, वर कंदील कंदील करून दात काढत होतास! एक शब्द बोलला असतास तर दोघांनी मिळून बसवून घेतल्या असत्या काचा."

त्यानं अर्जाची घडी घातली आणि तो उठला.

"तुझ्या स्लाइडला कुठल्या मापाची प्लेट लागते ते बघून ठेव," ती म्हणाली. "काच माझ्याकडे जुनी एक आहे, सरावाला चालेल. मंगळवारी पिस्तूल घेऊन ये."

"हिल्का, मी सहासष्टचा आहे."

"मग सोमवारीच ये."