मालाच्या लिफ्टची साखळी

माझ्या बायकोच्या खटल्यात मी तिसरा साक्षीदार होतो. ‘माझ्या बायकोचा खटला’ असं मी म्हणालो की सरकारी वकीलबाई मला थांबवायच्या. “काका, खटला सरकारनं भरलाय. तुम्ही साक्षीदार आहात.” पहिल्यांदा मला राग आला. माणूस माझं गेलं आणि खटला सरकारचा? मग हे सगळं चाललंय तरी कुणासाठी, असं मी त्यांना विचारलं. फायलीतून मान वर न काढता त्या म्हणाल्या, “त्या प्रेसमध्ये उद्याही बायका ट्रॉली ओढणार आहेत ना? त्यांच्यासाठीसुद्धा. काय झालं ते चारचौघांत सांगितलं गेलं पाहिजे. ज्याचा हात त्यात होता त्यानं उभं राहून उत्तर दिलं पाहिजे. शिक्षा ही नंतरची गोष्ट.”

मी मान हलवली. ज्याचा हात त्यात होता, हे शब्द मात्र घरापर्यंत माझ्याबरोबर आले.

झालं ते असं. ही छापखान्यात तिसऱ्या मजल्यावर बायंडिंगला होती. पुस्तकांचे गठ्ठे ट्रॉलीवर रचायचे, ट्रॉली मालाच्या लिफ्टमध्ये न्यायची, लिफ्टवाला ती खाली पोचवायचा. ट्रॉली जड असते. ढकलली की वरचे गठ्ठे घसरतात, म्हणून बायका ती ओढत नेतात. तोंड ट्रॉलीकडे, पाठ लिफ्टकडे. त्या दिवशी दुपारी लिफ्टचं दार उघडं होतं आणि लिफ्ट तळमजल्यावर होती. ही मागं मागं चालत गेली.

दार उघडं असताना लिफ्ट हलूच नये अशी तिची रचना असते. चौकटीत एक बटण असतं. दार सरकून पूर्ण बंद झालं की ते दाबलं जातं, मगच लिफ्ट चालते. त्या फटीत लाकडाची छोटी पाचर बसवली की बटण दाबलेलंच राहतं. मग दार उघडं ठेवूनही लिफ्ट वरखाली फिरते. जाळीचं जड दार दर फेरीला ओढायला नको. दिवसाच्या शंभरेक फेऱ्या असतात, खांदे वाचतात आणि वेळही वाचतो.

पाचर लिफ्टवाल्यानं लावली होती. त्याला आम्ही सगळे लंबू म्हणायचो. चाळिशीचा माणूस, दोन मुलांचा बाप, उंची इतकी की लिफ्टमध्ये शिरताना मान वाकवायचा. निष्काळजीपणानं जीव घेतल्याचा आरोप त्याच्यावर होता. त्यानं पोलिसांना पहिल्याच दिवशी सांगून टाकलं, पाचर मीच लावली.

लंबूच्या आधी त्या लिफ्टवर मी होतो. एकवीस वर्षं. पाचर माझी. मी ती स्वतः तासून बनवली आणि निवृत्त होताना चार दिवस लंबूला काम शिकवलं, तेव्हा त्याच्या हातात दिली. पोलीस घरी आले तेव्हा मी भिंतीला टेकून बसलो होतो. “तुम्हाला या पाचरीबद्दल काही माहिती?” त्यांनी विचारलं. मी नाही म्हणालो. हिला जाऊन तेव्हा सहा दिवस झाले होते. त्यांनीही जास्त ताणलं नाही.

त्यानंतर चौदा महिने मी नवरा म्हणून जगलो, ज्याची बायको दुसऱ्याच्या चुकीनं गेली असा नवरा. लोक रस्त्यात हात धरायचे. मेहुणी दर आठवड्याला डबा घेऊन यायची आणि डब्याबरोबर लंबूला शिव्या. “मेल्याला जन्मभर आत ठेवा.” लेकीनं खटल्याची एकही तारीख चुकवली नाही. ऑफिसातून अर्धी रजा टाकून यायची आणि वहीत लिहून घ्यायची, कोण काय म्हणालं ते. मला ते बरं वाटायचं, हे लिहायला लाज वाटते. सगळ्यांचे डोळे लंबूकडे होते तोवर माझ्याकडे कुणाचं लक्ष जाणार नव्हतं.

माझ्या साक्षीच्या दिवशी कोर्टाच्या बाहेरच्या बाकावर बायंडिंगच्या तिघी बसल्या होत्या. त्यांचीही साक्ष होती.

“बस गं नीट टेकून,” एक दुसरीला म्हणाली. “बावीस वर्षांत पहिल्यांदा पगारी बसायला मिळतंय.”

“मॅनेजर काय सांगून आले म्हणे?”

“पाचर कधी पाहिलीच नाही म्हणाले. खरंच असेल बाई. त्यांना डॉक्टरनं जिना चढायला सांगितलंय ना, लिफ्टपाशी येतील कशाला?”

तिघी हसल्या, मग मला पाहून सावरून बसल्या. एकीनं सरकून जागा दिली. “या मामा. घाबरू नका. जे आहे ते सांगायचं आणि मोकळं व्हायचं.”

मी बसलो नाही. पाणी प्यायला म्हणून व्हरांड्याच्या टोकाला गेलो, तर तिथं नळापाशी लंबू उभा होता. जामिनावर सुटल्यापासून आम्ही एकमेकांशी एक शब्द बोललो नव्हतो. तो बाजूला झाला.

“प्या मामा.”

मी नळ सोडला, पण ओंजळ धरायचं सुचेना.

“एक सांगायचं होतं,” तो हळू म्हणाला. “तुमचं नाव मी घेतलेलं नाही. माझ्या वकिलालाही सांगितलं नाही. तुम्ही बिनधास्त जा.”

“का नाही घेतलंस?”

“तुमच्या घरात आधीच काय झालंय. त्यात मी आणखी…” त्यानं वाक्य सोडून दिलं. “आणि पाचर त्या दिवशी मीच लावली होती ना.”

त्यानं मला चारदोन शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. मी नळ बंद केला आणि तसाच आत गेलो.

कठड्यात उभं राहिल्यावर वकीलबाईंनी सोप्यापासून सुरुवात केली. लग्नाला किती वर्षं झाली. ही कामाला कधीपासून. मी स्वतः कुठं काम केलं. मी लिफ्ट म्हणालो तशी त्यांनी वहीवर खूण केली. त्यांना ते माहीत होतं. मला वाटलं, आता पाचर विचारतील. पण त्यांनी वेगळंच विचारलं.

“लिफ्टच्या चौकटीला दोन्ही बाजूंना हूक आहेत. ते कशासाठी?”

“साखळीसाठी.”

“कोर्टाला समजावून सांगा.”

“दार नादुरुस्त असेल तेव्हा चौकटीत कमरेच्या उंचीवर आडवी साखळी अडकवायची. म्हणजे मागं चालत येणाऱ्या माणसाला ती पाठीला लागते आणि कळतं, की पलीकडे लिफ्ट नाही.”

“घटनेच्या दिवशी साखळी हुकावर नव्हती. लिफ्टच्या कोपऱ्यात पडलेली सापडली. आरोपीला काम तुम्ही शिकवलंत. लिफ्ट मजल्यावरून नेताना साखळी लावायची, हे तुम्ही त्याला सांगितलं होतं का?”

हो म्हटलं की झालं असतं. एक अक्षर. पाचरीचं नावही निघालं नसतं. जाणत्या माणसानं नीट शिकवलं आणि शिकणाऱ्यानं ऐकलं नाही, असा सरळ हिशेब लागला असता. वकीलबाईंचा चेहरा सांगत होता की त्या ‘हो’ची वाट पाहताहेत. तिसऱ्या रांगेत लेक पेन धरून बसली होती. लंबू खाली पाहत होता. मी हो म्हणालो असतो तरी त्यानं तोंडातून ब्र काढला नसता, याची मला खात्री होती.

“नाही,” मी म्हणालो.

“आठवत नाही, असं म्हणायचंय का तुम्हाला?”

“आठवतंय. सांगितलं नव्हतं. मीच लावत नव्हतो. सुरुवातीची काही वर्षं लावायचो. मग साखळी काढायला-घालायला दाराइतकाच वेळ जातो असं वाटलं आणि सोडून दिली. त्याला मी पाचर कशी बसवायची तेवढं शिकवलं. पाचर माझी आहे. मी केली. पोलिसांना खोटं सांगितलं.”

मागं कुणीतरी “अगं बाई” म्हणालं. लंबूचा वकील खुर्चीवरून अर्धा उठला. वकीलबाईंनी चष्मा काढला. मी बोलतच राहिलो. माझ्या वेळी मजल्यावरून निघण्याआधी मी हाक मारायचो, हे सांगितलं. तीही रोज मारायचो असं नाही, हेही सांगितलं. शेवटी न्यायाधीशांनी हात वर केला.

“तुमचं म्हणणं नोंदवलंय. पण इथं तुमच्यावर खटला नाही. त्या दिवशी लिफ्टवर कोण होतं, इतकंच या कोर्टासमोर आहे.”

“मग माझं कुठं चालवणार?” मी विचारलं.

टंकलेखक हसू दाबून खाली पाहू लागला. न्यायाधीश हसले नाहीत. “जबाबात खोटं बोललात त्याचं पोलीस पाहतील. बाकीच्याला माझ्याकडे उत्तर नाही. तुम्ही खाली उतरा.”

मी उतरलो. लेक तोवर निघून गेली होती.

निकाल महिनाभरानं लागला. न्यायाधीशांनी वाचून दाखवलं की चुकीची पद्धत त्या जागी वर्षानुवर्षं चालत आली होती, आरोपीला ती शिकवली गेली होती, म्हणून शिक्षा कमी. पण उघडं दार मागं सोडून गेला तो आरोपीच, म्हणून तो दोषी. सहा महिने. छापखान्यातल्या सगळ्या लिफ्टची बटणं बदलायचाही हुकूम झाला. बायंडिंगच्या तिघी ते ऐकून एकमेकींकडे पाहून मान हलवत होत्या. मेहुणी माझ्या बाजूला बसली नव्हती. डबा तर साक्षीच्या दिवसापासूनच बंद झाला होता.

लंबूला नेताना तो माझ्यापाशी क्षणभर थांबला. चेहरा उतरला होता, पण आवाज मोकळा होता. “चला मामा. माझं तर ठरलं एकदाचं.”

मला त्याचा हेवा वाटला. तुरुंगात चाललेल्या माणसाचा हेवा. सहा महिन्यांनी तो बाहेर येईल आणि कुणी काही बोललं तर सांगू शकेल की भोगून आलोय. पोलिसांनी मला एकदा बोलावलं, लिहून घेतलं, समज दिली आणि वय बघून घरी पाठवलं.

पुढच्या रविवारी दुपारी लेक आली. साक्षीनंतर पहिल्यांदाच. चपला काढल्या, पाणी मागितलं नाही, समोरच्या खुर्चीवर बसली. पिशवीतून तिची ती वही काढली.

“बाबा, मी विचारते. तुम्ही उत्तरं द्या. रडायचं नाही, आणि मीही रडणार नाही.”

“विचार.”

“लंबूच्या आधी आणखी कुणाला शिकवलीत पाचर?”

“बदलीवर यायचा त्याला. एकालाच.”

“आईला माहीत होतं?”

“होतं. सगळ्या मजल्यांना माहीत होतं.”

“ती कधी काही म्हणाली?”

“एकदा म्हणाली, दार लावत जा. मी म्हटलं, तू ये लिफ्टवर, दार ओढून बघ दिवसभर. पुन्हा नाही म्हणाली.”

तिनं ते लिहिलं.

“तुम्ही निवृत्त झालात, आई तिथंच होती. ते दार उघडं असतं हे तुम्हाला ठाऊक होतं. ती रोज सकाळी या घरातून तिकडे निघायची. एकदाही मनात आलं नाही?”

“यायचं.”

“मग?”

“मग काही नाही. लंबूला बोलायचं म्हणजे माझी चूक कबूल करायची. उद्या बोलू, असं करत राहिलो.”

तिनं वहीचं पान उलटलं.

“वकीलबाईंनी साखळीचं विचारलं नसतं,” ती म्हणाली, “तर सांगितलं असतंत?”

“माहीत नाही गं.”

“माहीत नाही चालणार नाही.”

मला नळापाशी उभा असलेला लंबू आठवला. बिनधास्त जा म्हणाला होता. आणि मी बिनधास्तच निघालो होतो.

“नसतं सांगितलं,” मी म्हणालो.

तिनं वही मिटली. उठून दारापर्यंत गेली, एका पायात चप्पल घातली. पाठमोरी उभी राहिली. मी खुर्चीतून हललो नाही. तिला थांब म्हणायचा मला काही हक्क नव्हता.

मग तिनं चप्पल काढली. परत येऊन बसली आणि वही उघडून नवीन पान काढलं.

“त्या चार दिवसांचं सांगा,” ती म्हणाली. “पहिल्या दिवसापासून. काय काय शिकवलंत लंबूला, ते सगळं.”